गाणं हिंदीत, बोलणं सोमालीत

सलमान खान आईच्या पायाशी बसतो आणि म्हणतो, "हूयो." हूयो म्हणजे सोमालीत आई. आई त्याला सोमालीतच रागावते. धाकटा भाऊ मध्ये पडतो, खलनायकाचा फोन येतो, पोलीस दारात उभे राहतात, सगळं सोमालीत. मग ओढणी उडते, व्हायोलिनं सुरू होतात आणि तीच माणसं हिंदीत गायला लागतात. गाणं संपलं की पुन्हा सोमाली.

नैरोबीच्या ईस्टली भागातल्या आमच्या क्लिनिकबाहेर जो लांब बाक आहे, तिथे हे रोज चालू असतं. मी फिजिओथेरपिस्ट. मूळची सांगलीची, लग्नानंतर इकडे आले. माझ्याकडे येणारे बहुतेक पेशंट सोमाली, त्यातही गुडघे आणि कंबर धरून येणाऱ्या बायका जास्त. सोबत मुली, सुना, नातवंडं असतात. नंबर लागेपर्यंत फोनवर सिनेमा. आवाज कमी करा असं सांगायचं मी कधीच सोडून दिलं, कारण मलाच तो ऐकायचा असतो.

यूट्यूबवर 'हिंदी अफ सोमाली' एवढेच शब्द टाका. अफ सोमाली म्हणजे सोमाली भाषा. समोर सोमालीत डब केलेल्या हिंदी सिनेमांची रांगच्या रांग येते. अमिताभचे जुने, नव्वदच्या दशकातले, शाहरुखचे, आणि दक्षिणेतलेसुद्धा. तेलुगू, तमिळ काहीही असलं तरी इथे ते 'हिंदी'च. मोगादिशू, हर्गेसा, जिबूती, नैरोबी, मिनिआपोलिस, लंडन, जिथे जिथे सोमाली माणूस आहे तिथे हे पोचलेलं आहे. आणि ज्या मुंबईत हे सिनेमे बनतात तिथे त्याची कुणाला फारशी खबर नाही. मला हे मनापासून खटकतं, म्हणून हे लिहायला घेतलं.

ईस्टलीबद्दल थोडं सांगते. सोमाली लोक याला इस्ली म्हणतात. इंग्रजांच्या काळात इथे आपल्याकडची माणसं, म्हणजे गुजराती, पंजाबी वगैरे, मोठ्या संख्येनं राहायची. स्वातंत्र्यानंतर ती हळूहळू दुसरीकडे गेली. केनियातले सोमाली इथे आधीपासून होतेच, पण १९९१मध्ये सोमालियातलं सरकार कोसळल्यावर तिथून आलेल्या माणसांनी हा भाग बदलून टाकला. गारिसा लॉज नावाचं एक राहण्याचं ठिकाण होतं. तिथे उतरलेल्या लोकांनी खोल्यांतूनच माल विकायला सुरुवात केली आणि त्या लॉजचं शॉपिंग सेंटर झालं. आता रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मॉलच मॉल. कापड, सोनं, अत्तर, फोन. दुकानात गेलं की वेलदोडा-दालचिनीचा 'शाह' पुढे येतो, आणि तुम्ही भारतीय आहात हे कळलं की तिसऱ्या वाक्याला सिनेमा.

माझ्या एक पेशंट आहेत, सत्तरी ओलांडलेल्या. मी त्यांना एड्डो म्हणते, आत्याला म्हणतात तसं. इथे मोठ्या बाईला अशी हाक मारायची पद्धत आहे. त्या मला अबायो म्हणतात, म्हणजे बहीण. एड्डोंचं तरुणपण मोगादिशूत गेलं. सत्तरच्या दशकातलं मोगादिशू त्यांच्या तोंडून ऐकावं. समुद्रावरची संध्याकाळ, इटालियन धाटणीची कॉफीची दुकानं, आणि थिएटरं. इटालियन सिनेमे यायचे, अमेरिकन यायचे, पण बायका नटूनथटून जायच्या त्या हिंदीला. भाषा कुणाला कळायची? थोडी थोडी सगळ्यांनाच. "प्यार", "दुश्मन", "माँ", "इज्जत" एवढे शब्द आले की गोष्ट कळते, असं एड्डोंचं म्हणणं, आणि ते मला पटतं. गुडघ्याला शेक देताना त्या डोळे मिटून गुणगुणतात. शब्द झिजलेले असतात, सूर मात्र पक्के. लताबाईंच्या हरकती त्यांना जागच्या जागी आठवतात.

हे सूर पोचले कसे, हा प्रश्न मला बरेच दिवस छळत होता. मिळेल तिथून वाचत गेले आणि एडनपाशी, म्हणजे आजच्या येमेनमधल्या बंदरापाशी, येऊन थांबले. एडन इंग्रजांनी १८३९मध्ये घेतलं आणि थेट मुंबई इलाख्याला जोडलं. १९३२पर्यंत ते मुंबईच्या कारभारात होतं. समोरच्या किनाऱ्यावरच्या ब्रिटिश सोमालीलँडचा कारभारही १८९८पर्यंत हिंदुस्थान सरकारकडेच होता, तोही एडनमार्फत. बर्बेरा बंदरात आपले वाणी होते, रुपया चालायचा. सोमाली माणूस शेळ्यामेंढ्या घेऊन एडनला जायचा, नोकरीसाठी राहायचा, आणि एडनमध्ये हिंदी सिनेमा लागायचा. म्हणजे मुंबईची गाणी तिथे पोचली ती परदेशी नवलाई म्हणून नव्हे. वाट आधीच रुळलेली होती.

आधुनिक सोमाली संगीताचे जनक म्हणतात ते अब्दुल्लाही कर्शे १९२४मध्ये टांझानियातल्या मोशीत जन्मले, पण वाढले एडनमध्ये, अरबी आणि हिंदुस्थानी गाणी ऐकत. 'कबान'चे, म्हणजे ऊदचे, सम्राट मानले गेलेले हुदेयदी १९२८मध्ये बर्बेरात जन्मले, तेही एडनमध्येच वाढले. करोनाच्या पहिल्या लाटेत, एप्रिल २०२०मध्ये, ते लंडनमध्ये गेले. एड्डोंनी त्या दिवसांत त्यांचं वादन मला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलं होतं. याच पिढीतला आणखी एक माणूस मला फार आवडतो. बोरामाकडचा एक ट्रक ड्रायव्हर, अब्दी, ज्यानं १९४०च्या दशकात 'बल्वो' नावाची छोटी प्रेमगीतं सुरू केली आणि त्यातूनच पुढे आजचं सोमाली गाणं वाढलं. लोकांनी त्याला नाव काय दिलं? सिनिमो. म्हणजे सिनेमा!

मी सांगलीत पेटी शिकले. मोठी वादक वगैरे नाही, पण स्वर कळतात. सोमाली गाणं बहुतेक पाच स्वरांत चालतं. एड्डोंनी पाठवलेली जुनी गाणी मी पेटीवर काढून पाहते तेव्हा बोटं आपोआप भूप, दुर्गा, मालकंसाच्या घरांत पडतात. तेच राग आहेत असं मी म्हणत नाही. लय वेगळी आहे, आवाज लावण्याची पद्धत वेगळी, वाक्य संपवण्याची जागा वेगळी. पण आपल्या सिनेमातल्या पाच स्वरांच्या चाली त्या कानांना परक्या का वाटल्या नसतील, हे माझ्या बोटांना कळतं.

सोमाली गायकांनी त्या चालींचा रंग उचलला, गाण्याची ढब उचलली, त्यावर आपले शब्द बसवले. इथे काही लोक "ती नक्कल" असं म्हणून मोकळे होतात. सांगलीच्या माणसाला हे म्हणता येणार नाही. विष्णुदास भाव्यांनी १८४३मध्ये आमच्या गावात नाटक उभं केलं, पुढे किर्लोस्करांचं शाकुंतल आलं, आणि नाट्यपदांच्या पुस्तकात प्रत्येक पदावर छापलेलं असायचं: 'चाल', आणि पुढे कुठल्या तरी आधीच्या गाण्याची ओळ. कानडी पद असो, लावणी असो, ठुमरी असो. चाल तिकडची, शब्द आपले, आणि गाणाऱ्यानं ते पद असं काही आपलं केलं की मूळ कुणाला आठवू नये. सोमाली रंगभूमीवर 'रिवायद' नावाचा प्रकार होता, म्हणजे संवाद आणि गाणी एकत्र गुंफलेलं नाटक. एड्डो त्याचं वर्णन करतात तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर संगीत नाटकच येतं. नायिका बोलता बोलता गायला लागते आणि थिएटर तिला पुन्हा म्हणायला लावतं. गाणं मध्ये का आलं, असं ज्या प्रेक्षकाला विचारावंसं वाटत नाही, तोच हिंदी सिनेमाचा खरा प्रेक्षक.

त्या जुन्या गाण्यांचं जतन हीसुद्धा एक मोठी गोष्ट आहे. १९८८मध्ये सोमालियाचा तेव्हाचा हुकूमशहा सियाद बर्रे याच्या विमानांनी देशाच्या उत्तरेकडच्या हर्गेसा शहरावर बाँब टाकले. त्याआधी रेडिओ हर्गेसातल्या माणसांनी टेपा बाहेर काढल्या, काही जमिनीत पुरल्या, काही शेजारच्या देशांत पाठवल्या. आज हर्गेसाच्या सांस्कृतिक केंद्रात हजारो कॅसेटी जपून ठेवलेल्या आहेत. त्यांतून निवडलेल्या गाण्यांचा एक संग्रह ऑस्टिनाटो रेकॉर्ड्सनं २०१७मध्ये काढला आणि त्याला ग्रॅमीचं नामांकनही मिळालं. त्याच कंपनीनं २०२०मध्ये जिबूतीच्या राष्ट्रीय रेडिओच्या वाद्यवृंदाचं ध्वनिमुद्रण प्रसिद्ध केलं. त्यातली तरुण गायिका अस्मा उमर ऐका. भाषा सोमाली, पण तान घेताना गळा कुठून शिकून आला आहे हे आपल्याला सांगायला लागत नाही.

आता डबिंगकडे येते, कारण मला खरं बोलायचंय ते त्याबद्दल.

१९९१नंतर मोगादिशूतली थिएटरं गेली. काही पडली, काहींत निर्वासित राहिले. सिनेमा व्हिडिओवर आला, गल्लीतल्या खोलीत टीव्ही लावून तिकीट घेणं सुरू झालं. २००६मध्ये इस्लामी न्यायालयांची सत्ता आली आणि त्या खोल्याही बंद करवल्या गेल्या. एप्रिल २०१०मध्ये एका सशस्त्र गटानं मोगादिशूतल्या रेडिओ केंद्रांना संगीत थांबवायचा हुकूम दिला. बहुतेक केंद्रांनी जिवाच्या भीतीनं तो पाळला. बातम्यांच्या आधी धून वाजवायची नाही, म्हणून काहींनी गोळीबाराचे, गाड्यांचे, जनावरांचे आवाज लावले. राष्ट्रीय रंगमंदिर २०१२च्या मार्चमध्ये उघडलं आणि एप्रिलमध्ये तिथेच बाँबस्फोट झाला. त्याच रंगमंदिरात सप्टेंबर २०२१मध्ये सिनेमा दाखवला गेला, तो मोगादिशूतला तीस वर्षांतला पहिला जाहीर खेळ.

या सगळ्या वर्षांत सिनेमा थांबला का? नाही. तो कॅसेटवर, मग सीडीवर, मग फोनवर घरात शिरला, आणि शिरताना सोमाली बोलायला लागला. खाली अक्षरं देऊन भागलं नसतं का, असं मला एकदा माझ्या नवऱ्यानं विचारलं. नसतं भागलं. सोमालीला अधिकृत लिपी मिळाली १९७२मध्ये, आणि ती रोमन लिपी घेऊन शिक्षक, विद्यार्थी खेडोपाडी गेले. त्यानंतर वीस वर्षांतच शाळा उद्ध्वस्त झाल्या. एक अख्खी पिढी युद्धात आणि छावण्यांत वाढली. पण वाचता न येणाऱ्या माणसालाही शेकडो ओळींची कविता पाठ असते असा हा समाज आहे. त्याचा सगळा विश्वास कानावर. बीबीसीची सोमाली सेवा १९५७पासून चालू आहे आणि रेडिओवरचा नुसता आवाज ऐकून माणूस ओळखणं ही इथे साधी गोष्ट आहे. अशा लोकांपुढे सिनेमा आणायचा तर आवाजातूनच आणायला हवा होता. त्यात आता सोमालियातला मोबाइल डेटा आफ्रिकेतल्या सगळ्यात स्वस्त डेटापैकी. मग काय, आजी, सून, नातू, एका फोनभोवती तिघं.

जुन्या व्हिडिओंत एकच माणूस सगळ्यांचं बोलतो. नायक, बाप, नायिका, खलनायक, सगळं एका गळ्यातून. नव्यांत पुरुषांचे, बायकांचे वेगळे आवाज असतात. नीट ऐकलं तर सोमालीखाली हिंदी हलकेच ऐकू येते, आणि बोलणं सुरू झालं की पार्श्वसंगीतही खाली जातं. संवाद आणि संगीत वेगळे केलेले ट्रॅक त्यांच्या हातात नाहीत. अख्ख्या आवाजाचीच पातळी कमी करायची आणि वरून बोलायचं, एवढाच मार्ग. गाण्याला मात्र हात लावत नाहीत. तिथे लताबाई, आशाबाई, किशोर पूर्ण आवाजात.

हाताला येतील त्या साधनांत ही माणसं जे करतात ते ऐकण्यासारखं आहे. दोन भावांच्या भांडणाचा एक प्रसंग होता. हिंदीत बाप एक साधं वाक्य बोलून उठून जातो. सोमालीत त्या बापाच्या तोंडी म्हण आली: दात एकत्र असले तरच काही तुटतं. बाकावरच्या तिन्ही बायकांनी एकदम "हॅ" केलं, दाद देतात तसं. सोमाली कवितेत एकच अक्षर ओळीओळीत यावं लागतं, अगदी शेवटपर्यंत. आपल्याकडचा अनुप्रास हौसेचा, त्यांचा नियमाचा. चांगला आवाज-कलाकार धमकीच्या किंवा प्रेमाच्या लांब संवादात ही अक्षरं सांभाळतो. ओठांची हालचाल जुळत नाही, पण वाक्य पाठ होऊन जातं. मुलं ती वाक्यं शाळेच्या मैदानात एकमेकांना फेकून मारतात. माझी सोमाली कामापुरती. "इथे दुखतं का", "पाय वाकवा", "श्वास सोडा". तरी काही वाक्यं मलाही पाठ झालीत.

आणि गोष्टी त्यांना जवळच्या आहेत. घराण्याची अब्रू, भावाच्या रक्ताचा सूड, वडीलधाऱ्यांनी मोडलेलं लग्न, आईचा शब्द. कुळाच्या नावावर माणसं जिथे एकमेकांसाठी उभी राहतात आणि एकमेकांच्या जिवावरही उठतात, तिथे हे नुसतं करमणुकीचं राहत नाही. लग्नातल्या प्रसंगांना बायका विशेष जवळून पाहतात, कापडाचा पोत सुद्धा. त्यांचं 'गुंतीनो' खांद्यावर गाठ मारून नेसतात, आपल्या लुगड्याच्या नात्यातलंच.

एड्डोंना मात्र डबिंग बिलकूल आवडत नाही. त्यांचं म्हणणं असं: धर्मेंद्रचा आवाज झाकला तर धर्मेंद्र उरला कुठे? आम्ही न कळता सगळं समजून घेत होतो, या पोरांना सगळं कळतं आणि सुराकडे लक्ष नाही. त्यांची नात इथेच नैरोबीत जन्मलेली, कॉलेजात शिकते. तिला हिंदीचा गंध नाही. तिनं एकदा कुठल्याशा पुरस्कार सोहळ्यात सलमानला खरोखरचा बोलताना ऐकलं आणि तिला वाटलं, हा कुणाचा आवाज लावलाय याला? तिच्यासाठी सलमानचा आवाज म्हणजे तो सोमाली माणूस. त्याचा चेहरा तिनं पाहिलेला नाही, नाव तिला माहीत नाही. तरी तो रागावला की तिचा श्वास अडकतो.

या दोघींचं भांडण माझ्या टेबलाशेजारी पुष्कळदा होतं. मी मनानं नातीच्या बाजूची आहे, एड्डोंसमोर बोलत नाही एवढंच. एड्डोंना मोगादिशूतली थिएटरं मिळाली, शांत शहर मिळालं. त्यांच्या मुलीला, नातीला ते मिळालं नाही. त्यांना मिळाला खोलीत बंद होऊन, माइकवर पांघरूण टाकून, रात्रीतून सिनेमा बोलून काढणाऱ्या कुणाचा तरी गळा. सिनेमाला, गाण्याला मनाई असताना हे काम करणं म्हणजे काय होतं, याचा विचार मुंबईत बसून करून पाहावा.

६ फेब्रुवारी २०२२ला लताबाई गेल्या. दुसऱ्या दिवशी सोमवारी एड्डो आल्या, व्यायामाचं काही बोलल्या नाहीत, माझे दोन्ही हात धरून बसल्या. लताबाईंचं बालपण सांगलीत गेलं, मास्टर दीनानाथांची नाटक कंपनी आमच्या गावात होती, हे मी त्यांना आधी कधीतरी सांगितलेलं होतं. म्हणजे त्या माझ्या माणसाच्या जाण्याला आल्या होत्या. नातही आली होती. तिनं विचारलं, "सिनेमात सगळे सोमाली बोलतात आणि ही एकटीच हिंदीत असते, ती बाई ना?" हो, तीच.

त्या बाईचं नाव सगळ्या जगाला ठाऊक आहे. मागचंपुढचं सगळं सोमालीत बोलणाऱ्या माणसांची नावं कुठे आहेत? बहुतेक प्रती निर्मात्यांची परवानगी न घेता फिरतात, त्यांना यातून छदाम मिळत नाही, आणि ते योग्य नाही हे मीही मान्य करते. पण म्हणून त्या आवाजांना चोर म्हणून बाजूला सारणं मला मान्य नाही. मुंबईनं कधी ढुंकून न पाहिलेल्या प्रेक्षकाला या लोकांनी दोन पिढ्या धरून ठेवलं. हिंदी सिनेमाचा आफ्रिकेतला इतिहास कधी नीट लिहिला जाईल तेव्हा त्यात ही नावं असायला हवीत, आणि त्यासाठी ती आत्ता, माणसं हयात असताना, विचारून ठेवायला हवीत. नात म्हणते, ती विचारेल. तिच्या मैत्रिणीच्या काकांच्या ओळखीत मोगादिशूचा एकजण आहे, पूर्वी व्हिडिओवर सगळे आवाज एकटाच काढायचा तो. त्याच्याशी बोलणं ध्वनिमुद्रित करायचं आम्ही ठरवलंय. प्रश्न मी काढतेय, सोमालीत ती विचारणार.

दरम्यान, अंधेरी-गोरेगावकडे डबिंग स्टुडिओत काम करणारं कुणी हे वाचत असेल तर मला एक गोष्ट हवी आहे. एखाद्या जुन्या सिनेमाचा संवादांशिवायचा, नुसता संगीत आणि आवाजांचा ट्रॅक रीतसर परवानगीनं, पैसे भरून मिळवायचा असेल तर कुणाकडे जायचं असतं आणि साधारण किती खर्च येतो? धर्मेंद्रचा असेल तर उत्तम. पार्श्वसंगीत खाली न जाता सोमालीत कसं वाटतं ते एड्डोंना एकदा ऐकवायचंय.